झोपाळा कोणाकडे जाणार? घरच्यांवर हसरा माहितीपट करणाऱ्याला उत्तर

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडते, म्हणजे उत्तर कशाचं आहे ते कळेल. बडोद्याच्या दांडिया बाजारातला तुमचा वाडा विकला गेलाय. दिवाळीनंतर तीन भावांची तीन बिऱ्हाडं तीन फ्लॅटमध्ये जाणार. आजीचा पितळी साखळ्यांचा झोपाळा यातल्या कुठल्याच दिवाणखान्यात मावत नाही, आणि तो कोणी न्यायचा यावर घरात चार महिने बोलणं चाललंय. त्यावर तुम्ही विनोदी माहितीपट करताय आणि स्वतःही त्यात आहात. ४० तासांचं चित्रण झालंय, पण बघायला बसलं की हसू येत नाही, तुमचाच आवाज तुम्हाला आगाऊ वाटतो, निवेदन जमत नाही, आणि घरच्यांचं हसं होईल अशी भीती वाटते.

मी वीस-बावीस वर्षं याच प्रकारचं काम करते आहे. सगळं बडोद्यात आणि बरंचसं आमच्याच घरात. त्यामुळे तुमचं पत्र वाचताना चाळीस तास कसे गेले असतील ते दिसत होतं.

आगाऊपणापासून सुरुवात करते, कारण बाकीचं त्यातूनच आलंय. कॅमेरा हातात धरून तुम्ही काकांना विचारता, "मग झोपाळ्याचं काय ठरलं?" काका दिसतात, त्यांचा घाम दिसतो, बनियन दिसतं. तुमचा मात्र नुसता आवाज येतो. चेहरा नसलेला आवाज प्रेक्षकाला साहेबाचा वाटतो. तुम्ही कितीही प्रेमानं विचारलं तरी काकांची उलटतपासणी चालल्यासारखी दिसते. यावर उपाय स्वभाव बदलण्याचा नाही, कॅमेरा तिवईवर ठेवण्याचा आहे. तो ओट्याच्या उंचीवर लावा, दोघंही मावतील एवढी चौकट रुंद ठेवा आणि जाऊन काकांशेजारी बसा. रिकाम्या हातानं बसू नका. शेंगा सोला, साखळीची पितळ घासा, काहीही करा. मग तोच प्रश्न पुतण्यानं विचारलेला वाटेल, आणि काकांनी उत्तर टाळलं की तुमचा पडलेला चेहराही त्याच चौकटीत दिसेल. हसू बहुतेक वेळा बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्याच्या तोंडावर असतं. तुम्ही जवळून घेतलेले चेहरे एकामागे एक जोडले आहेत, म्हणून ते सापडत नाहीये. दोन माणसं एका चौकटीत ठेवा आणि कापायची घाई करू नका.

आता त्याहून महत्त्वाचं. तुम्हाला स्वतःला काय हवंय? सगळ्या पत्रात ते कुठे नाही. आईला झोपाळा नको, मोठ्या काकांना हवाय पण काकूला नको, आजी काहीच बोलत नाही, हे सगळं तुम्ही छान लिहिलंय. तुम्ही मात्र त्रयस्थासारखे उभे आहात. स्वतःवरच्या माहितीपटात करणाऱ्याचं काहीतरी पणाला लागलेलं असावं लागतं, आणि ते छोटं, ठाम, बोटानं दाखवता येईल असं असावं. "मला आमच्या कुटुंबाचा शोध घ्यायचाय" याचं काही होत नाही. "झोपाळा माझ्या खोलीत यावा असं मला वाटतं, आणि माझी खोली दहा बाय नऊ आहे" याचा चित्रपट होतो. पहिल्या तीन मिनिटांत हे सांगून टाका. प्रेक्षकाच्या हातात मोजपट्टी आली की पुढे जे जे फिसकटेल ते त्याला मोजता येतं, आणि हसू तिथून येतं. ठरवलेलं आणि घडलेलं यांच्यामधल्या अंतरात ते असतं. म्हणून ठरवताना अगदी काटेकोर ठरवा, आणि बिघडेल ते सगळं जपून ठेवा.

रॉस मॅकेल्वी या अमेरिकन दिग्दर्शकाचा ऐंशीच्या दशकातला 'शर्मन्स मार्च' या बाबतीत शिकण्यासारखा आहे. अमेरिकेतल्या यादवी युद्धात, १८६४ साली जनरल शर्मनच्या फौजेनं दक्षिणेतल्या राज्यांत जो विध्वंस केला, त्याच्या खुणांवर माहितीपट करायला ते निघाले होते. पण प्रेयसी सोडून गेली, आणि फौजेच्या वाटेनं जाता जाता भेटत गेलेल्या बायकांचाच तो चित्रपट झाला. मला त्यातली भावणारी गोष्ट ही, की मूळचा बेत त्यांनी लपवला नाही. शर्मन अधूनमधून येतच राहतो. मूळ बेत काढून टाकला असता तर वाट चुकल्याचं कळलं कसं असतं?

माझ्या कामातली एक गोष्ट सांगते, कारण मला हे सगळं तिथेच कळलं. आमच्या वडिलांचा रावपुऱ्यात छोटा छापखाना होता. पायानं चालवायचं एक ट्रेडल मशीन, छपाईच्या अक्षरांच्या खिळ्यांचे खण, लग्नपत्रिका आणि पावतीपुस्तकं. मी नऊ वर्षांची असताना तो बंद झाला. का, ते बाबा कधी बोलले नाहीत. मला कॅमेऱ्यासमोर त्यांच्याकडून ते ऐकायचं होतं, एवढाच माझा बेत होता. मी चौदा वेळा मुलाखत घ्यायला बसले. चौदाही वेळा बाबांना त्या क्षणी काहीतरी दुरुस्त करायचं होतं. पंखा, मिक्सर, न्हाणीघराचा नळ, शेजारच्यांच्या मुलाची सायकल. प्रश्न विचारला की ते म्हणायचे, "जरा तो पक्कड दे." सुरुवातीला मी हे सगळं वाया गेलेलं चित्रण समजत होते आणि कॅसेटवर 'रद्द' असं लिहून ठेवत होते. पंधराव्या वेळी माझ्या तिवईचा एक पाय घसरायला लागला. बाबांनी अर्थातच ती ताब्यात घेतली. कॅमेरा मी मांडीवर घेतला, तो चालूच होता. चौकटीत फक्त त्यांचे हात, पाना आणि माझ्या ओढणीचं टोक. नट पिळता पिळता ते आपणहून बोलले, की मशीन न्यायला माणूस आला त्या सकाळी ते लवकर जाऊन त्याचा एक ढिला नट आवळून आले होते. "विकलं म्हणून काय झालं, ढिलं कसं द्यायचं?" आणि पुन्हा, "पक्कड दे."

तो तुकडा अकरा मिनिटांचा आहे आणि मी त्यात एकही काप दिलेला नाही. पण तो लागू पडतो तो आधीच्या चौदांमुळे. प्रेक्षक पंख्याला हसतो, मिक्सरला जास्त हसतो, नळाच्या वेळी तर बाबांनी पाना उचलण्याआधीच हसायला लागतो. मग तिवई येते आणि खोली गप्प होते. 'रद्द' लिहिलेल्या त्या कॅसेट मी फेकल्या असत्या तर माझ्याकडे नुसता एक नट आवळणारा म्हातारा उरला असता.

शेतात कापणीनंतर जी कणसं पडून राहतात त्यांना आपल्याकडे सरवा म्हणतात. या प्रकारचा चित्रपट सरव्यावरच उभा राहतो. मुलाखतीआधी माइक लावताना झालेलं बोलणं, मुलाखत 'संपल्यावर' आलेला चहा, दार उघडून "झालं का तुमचं?" विचारणारी काकू. आन्येस वार्दा या फ्रेंच दिग्दर्शिकेनं २००० साली सरवा वेचणाऱ्यांवरच माहितीपट केला, हातात मावणारा छोटा डिजिटल कॅमेरा घेऊन. एकदा तो बंद करायचा राहिला आणि भिंगाचं झाकण दोरीला लोंबकळत चालण्याबरोबर हिंदकळत राहिलं. तो तुकडा त्यांनी फेकला नाही, संगीत देऊन चित्रपटात ठेवला. तुमच्या चाळीस तासांत असं काय काय आहे ते बघा. मला खात्री आहे की तुम्ही 'मुख्य' म्हणून वेगळं काढलेलं चित्रण बाजूला ठेवून उरलेलं पाहिलंत तर चित्रपट त्यात आहे. तुम्ही सहज लिहून गेलात की तुमचे बाबा दर रविवारी फ्लॅटवर जाऊन मोजपट्टीनं तोच दिवाणखाना पुन्हा मोजतात. अहो, तोच तुमचा पंखा आणि तोच तुमचा मिक्सर!

स्वतःला आणि स्वतःच्या कामाला पडद्यावर आणणं हे बाहेरून आलेलं खूळ आहे असं आपल्याकडे अनेकांना वाटतं. बडोदेकरांना तरी तसं वाटायला नको. सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीत १८९० साली निघालेलं कलाभवन तुमच्या वाड्यापासून चालत जाण्याच्या अंतरावर आहे, आणि दादासाहेब फाळके छायाचित्रणाचे धडे तिथे गिरवून गेले. त्यांनी १९१७ साली 'चित्रपट कसे तयार करतात' हा छोटा माहितीपट केला. त्यात नटांना शिकवणारे, फिल्म तपासणारे दिग्दर्शक फाळके पडद्यावर स्वतः आहेत. आपल्याकडचा सिनेमा चार वर्षांचा होता तेव्हाची ही गोष्ट. मला ती फार आधार देते.

आता तुमची भीती. घरच्यांचं हसं होईल का? होऊ शकतं, आणि ते तुमच्याच हातात आहे. माझा एक नियम आहे: माणसाला स्वतःबद्दल जे ठाऊक आहे, जे तो स्वतः हसत सांगू शकेल, तेवढ्यावरच प्रेक्षकांना हसू द्यायचं. आमच्या बाबांना ठाऊक होतं की ते दुरुस्तीमागे लपतात. आई त्यांना रोज तेच म्हणायची. उलट आमच्या एका नातेवाईक बाईंचं एक दृश्य होतं. त्या एकच प्रश्न दहा मिनिटांत तीनदा विचारतात. दाखवलं तिथे लोक खूप हसले. मला ते हसू ऐकवेना, कारण त्यांना आपण तेच विचारतोय हे कळत नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी दृश्य काढून टाकलं. पुढे त्यांच्या विसराळूपणाला आजाराचं नाव मिळालं, तेव्हा ते दृश्य कुठे फिरत नव्हतं याचं मला फार बरं वाटलं. तुमच्या आजी गप्प आहेत असं तुम्ही लिहिता. त्या गप्प राहणं पसंत करताहेत की त्यांना नीट ऐकू येत नाही, हे आधी समजून घ्या. दोन्हींवर चित्रपटात एकसारखं हसता येणार नाही.

संमती लेखी घ्याच, सगळ्या सज्ञान माणसांची, आणि लहान भावंडांसाठी त्यांच्या आईवडिलांची. पण कागदावर थांबू नका. कच्चं संकलन झालं की ज्याचं त्याला दाखवा, एकेकट्याला, शेजारी बसून. फोनवर पाठवून देऊ नका. आणखी एक, हे वाडा विक्रीचं प्रकरण आहे: दस्त, हिश्शाच्या रकमा, सह्या, खातेक्रमांक यातलं काही चौकटीत येऊ देऊ नका. बोलण्यात आकडा आला असेल तर तो आवाजातून काढा. झोपाळ्याच्या वादात गंमत आहे, रकमांच्या वादात भाऊ तुटतात.

आवाजाकडे तुमचं दुर्लक्ष झालंय असं दिसतं, "आवाज कॅमेऱ्याचाच आहे" या एका वाक्यावरून. पैसे कमी असतील तर कॅमेरा आहे तोच, अगदी फोनही, चालेल. पहिला खर्च कॉलर माइकवर करा. चित्र हललेलं प्रेक्षक सोसतो, पण शब्द कळला नाही तर विनोद मेला. घरातली माणसं घरच्या कपड्यांत असतात, त्यामुळे काही अडचणी नेहमीच्या आहेत. बनियनच्या गळ्याला लावलेला माइक जानव्याला घासतो आणि प्रत्येक हालचालीला खर्र वाजतो. जानवं दुसऱ्या बाजूला सारून माइक चिकटपट्टीनं आतून लावा. साडीत पदराखाली लपवला की सुती साडी कुरकुरते. तो ब्लाउजच्या खांद्याकडच्या काठावर लावा आणि पदराला पिन करा. पंखा बंद करायला सांगू नका, मेमध्ये बडोद्यात पंखा बंद केलात तर माणसं दोन वाक्यांत उत्तर संपवतील. वेग कमी करा, आणि त्या वेगात कोणी न बोलता एक मिनिटभर नुसता खोलीचा आवाज घेऊन ठेवा. संकलनात सांधे बुजवायला तोच लागतो. स्वयंपाकघरातला रेडिओ मात्र बंद करायला लावाच. मागे वाजणाऱ्या गाण्याच्या हक्कांचा प्रश्न महोत्सवात एक वेळ कोणी विचारणार नाही, ओटीटीवाले पहिल्या दिवशी विचारतील.

आणि झोपाळ्याचा आवाज! तो वेगळा घ्या. रिकामा हलताना, आजी एकट्या बसलेल्या असताना, दोन पोरं उभी राहून झोके घेत असताना. कड्यांची कुरकुर वजनागणिक बदलते. हे आवाज जवळ असतील तर फ्लॅटच्या मोकळ्या दिवाणखान्याच्या चित्रावर आजींची ती एकटीची संथ कुरकुर ठेवता येईल, आणि मग तिथे निवेदनाचा एक शब्दही लागणार नाही.

निवेदन जमत नाही कारण तुम्ही ते फार लवकर लिहिताय. आधी निवेदनाशिवाय चित्रपट लावा. जिथे प्रेक्षक हरवतो तिथे खूण करा आणि फक्त तिथेच लिहा. चित्रात दिसतंय ते सांगू नका, आणि 'गंमत म्हणजे' हे शब्द कटाक्षानं टाळा. तुम्ही पाठवलेल्या नमुन्यात "कालौघात विरत चाललेल्या कौटुंबिक बंधांचा मागोवा" असं आहे. घरी तुम्ही असं बोलता का? आपण "आई, मी जरा मार्केटात जाऊन येतो, आवजो" असं बोलतो. आपल्या मराठीत गुजराती मुरलेली आहे, तशीच ती येऊ द्या. पुण्याच्या प्रमाण मराठीत बोलायला लागलात की तुमचा आवाज पुन्हा साहेबाचा होईल. निवेदनाचं ध्वनिमुद्रण रात्री एकनंतर करा, आवाज घुमू नये म्हणून कपाट उघडून, दोन गोधड्या लावून, एका ओळखीच्या माणसाला समोर बसवून. त्याला सांगायचं. त्याच्यासमोर तुम्ही अभिनय करू शकणार नाही, ते बरंच आहे. गमतीचं संगीत नको. तबल्याचा एक तुकडा पडला की प्रेक्षकाला वाटतं, आता हसायला सांगताहेत.

संकलनातली एक युक्ती देते, ती मला कोणी शिकवली नव्हती. कच्चा चित्रपट सात-आठ लोकांना दाखवा, त्यात नातेवाईक नकोत. खोलीत ध्वनिमुद्रक चालू ठेवा, अर्थात त्यांना सांगून. नंतर तो आवाज चित्रपटाच्या खाली सबंध पसरून लावा. लोक चहा पिताना जे सांगतील त्यापेक्षा ही पट्टी खरी असते: कुठे हसू फुटलं, कुठे अर्ध्यातच मेलं, कुठे खुर्च्या वाजायला लागल्या. हसू तीन सेकंद टिकलं आणि तुमचं पुढचं महत्त्वाचं वाक्य एका सेकंदात येत असेल तर ते कोणालाच ऐकू आलेलं नाही. तिथे जागा सोडा. उलट जिथे तुम्ही हसूसाठी थांबलात आणि खोली गप्प होती, तिथली थांबण्याची जागाच काढा.

इंग्रजी उपशीर्षकं करताना विनोदाचा शब्द ओळीत आधी येऊ देऊ नका. प्रेक्षक वाचतो पटकन आणि आजी बोलते सावकाश. तो आधी हसतो आणि आजीचं वाक्य वाया जातं. ओळ दोन तुकड्यांत फोडा, दुसरा तुकडा तिच्या तोंडून शब्द निघेल तेव्हाच दिसू दे. भाषा मराठीवरून गुजरातीवर गेली हेही कळायला हवं. मी गुजराती वाक्यं तिरप्या अक्षरांत देते.

पैशांचं आणि दाखवण्याचं थोडक्यात. तुमच्या चित्रपटाला मोठं अंदाजपत्रक लागत नाही, पण दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्क लागतातच, आणि दोन्ही एकाच घरात ठेवू नका. ऑगस्ट २०२४मध्ये विश्वामित्री नदीचं पाणी घराघरांत शिरलं तेव्हा कोणाचं काय काय गेलं ते आपण पाहिलंय. माहितीपटांसाठी मुंबईचा महोत्सव १९९०पासून आहे, तिरुवनंतपुरमचा २००८पासून, दोन्हीकडे पाठवा. सार्वजनिक प्रदर्शनाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं, महोत्सवांपुरती सूट मिळू शकते. पहिला खेळ मात्र माझं ऐकाल तर वाड्यातल्याच माणसांसाठी करा, जमलं तर वाड्याच्या चौकात, पाडण्याआधी.

शेवटी एका दिवसाबद्दल. ज्या दिवशी सुतार येऊन तुळईतून कड्या काढेल तो दिवस एकदाच येणार आहे आणि सुतार तुमच्यासाठी ते पुन्हा करणार नाही. त्या दिवशी दोन कॅमेरे ठेवा, एक तिवईवर रुंद आणि एक कुणा मित्राच्या हातात. तुम्ही स्वतः झोपाळ्याचं एक टोक धरा. पण सगळे पांगल्यावर कॅमेरा आवरू नका. आमच्याकडे मधल्या खोलीतलं मोठं लाकडी कपाट गेलं, त्यानंतर महिनाभर आई हातात चहा घेऊन त्या मोकळ्या जागेला वळसा घालून जात होती. मी ते रोज पाहत होते आणि माझ्या कॅमेऱ्यात त्यातलं काही नाही. तेव्हा तिवई तिथेच राहू द्या आणि दुसऱ्या दिवशी सकाळी, चहाच्या वेळेच्या थोडं आधी, कॅमेरा चालू करून बाजूला बसा.